सरकारपक्षातर्फे काम पाहिले

सोलापूरच्या कुठल्याही दैनिकात सत्र न्यायालयाच्या निकालाची बातमी वाचा, तिचा शेवट ठरलेला असतो. सरकारपक्षातर्फे अमुक वकिलांनी, आरोपीतर्फे तमुक वकिलांनी काम पाहिले. कोर्ट पैरवी म्हणून हेड कॉन्स्टेबल अमुक यांनी मदत केली. जन्मठेप लागलेली असेल तर सरकारी वकिलाचं नाव कौतुकानं वाचलं जातं, आरोपी सुटला असेल तर तेच नाव नाराजीनं. जिल्ह्याच्या सरकारी वकिलाची बरीचशी कारकीर्द लोकांपुढे अशी एकेका ओळीतच येते. ती मोजायची कशानं, एवढाच या लेखाचा विषय आहे. माझं म्हणणं असं, की शिक्षांचा आकडा ही तिची मोजपट्टी नव्हे; आणि जोवर तो आकडाच मोजला जाईल, तोवर चांगला सरकारी वकील घडणं कठीण आहे. याच्या उलट मत आहे आणि ते हलकं नाही. ते मी एका निवृत्त फौजदारांच्या तोंडी घातलं आहे. फौजदार कल्पित आहेत, पण त्यांचे मुद्दे कोर्टाच्या आवारात आणि फिर्यादीच्या घरात रोज ऐकू येणारे आहेत.

फौजदार : अहो, हे फिर्यादीच्या दारात जाऊन सांगून बघा. खुनाच्या गुन्ह्यात तपासी अंमलदार नव्वद दिवस धावतो. घटनास्थळाचा पंचनामा, मुद्देमाल, सी.ए.चा, म्हणजे रासायनिक विश्लेषकाचा, रिपोर्ट, साक्षीदारांचे जबाब, सगळं उभं करून चार्जशीट कोर्टात जातं. मग काही वर्षांनी केस बोर्डावर येते आणि सरकारी वकील सांगतात, पंच फुटले, साक्षीदार फितूर झाला, केस सुटली. आकडा बघायचा नाही, तर बघायचं तरी काय? उज्ज्वल निकमांचं उदाहरण घ्या. जळगावच्या जिल्हा कोर्टातून वर आलेला माणूस. १९९३ चे बॉम्बस्फोट, २६/११ चा खटला, कोपर्डी. २०१६ साली पद्मश्री. गावोगावचे लोक मोर्चा काढून ‘आम्हाला निकमच द्या’ असं म्हणतात, ते का? ते शिक्षा लावून दाखवतात म्हणून. जनतेचा पगार घेणाऱ्या माणसाकडून जनतेनं निकाल मागितला, यात चूक काय?

लेखक : साहेब, आधी सरकारी वकील कुणाचा ते ठरवू. तो फिर्यादीचा वकील नाही. फिर्यादीला स्वतःचा वकील लावता येतो, पण त्या वकिलानं सरकारी वकिलाच्या सूचनेप्रमाणे चालायचं असतं आणि साक्षीपुरावा संपल्यावर कोर्टाच्या परवानगीनं लेखी युक्तिवाद द्यायचा असतो. १९९९ साली शिवकुमार विरुद्ध हुकमचंद या निकालात सर्वोच्च न्यायालयानं त्याचं कारण सांगितलं : सरकारी वकिलानं काहीही करून शिक्षा लावण्याची तहान धरायची नसते, आणि आरोपीला ज्याचा न्याय्य फायदा मिळायला हवा असं काही पुराव्यात असेल, तर तेही त्यानं कोर्टापुढं येऊ द्यायचं असतं. तो पोलिसांचाही वकील नाही. वसई-विरारच्या हितेंद्र ठाकूर यांच्या टाडा प्रकरणात १९९४ साली त्याच न्यायालयानं बजावलं, की तपासाला मुदतवाढ मागताना सरकारी वकील म्हणजे पोलिसांचा अर्ज पुढं सरकवणारं टपालखातं नव्हे. त्यानं कागद स्वतः वाचून स्वतःचं मत बनवायला हवं. म्हणजे सरकारी वकिलाच्या कामात ‘नाही’ म्हणणं कायद्यानंच गृहीत धरलं आहे. तुमच्या आकड्यात त्या ‘नाही’ला रकाना कुठं आहे?

शिवाय टक्का नुसता वाढवायचाच असेल, तर त्याचा सोपा रस्ता कोणता, तेही बघा. छोट्या गुन्ह्यांत, पहिल्या-दुसऱ्या तारखेला गुन्हा कबूल करून दंड भरून मोकळा होणारा माणूस आकड्यात ‘शिक्षा’ म्हणून जमा होतो. असा माणूस कोण असतो? ज्याची दिवसाची मजुरी बुडते तो. यंत्रमागावरचा कामगार किंवा विडी वळणारी बाई प्रत्येक तारखेला खाडा करू शकत नाही, म्हणून ती कबूल होते. उलट ज्याच्यामागं पैसा आहे तो दहा वर्षं लढतो, आणि त्याच्याविरुद्ध इतका काळ चाललेला खटला सुटला तर सरकारी वकिलाच्या खात्यात एक अपयश पडतं. आकड्यावर जगणारा वकील अवघड खटल्यांपासून लांब राहायला शिकेल. माणसाचा स्वभाव लक्षात घेतला तर दुसरं काही होणार नाही.

आणि जिथं शिक्षा लागते, तिथं तरी काम पुरं झालेलं असतं का? खैरलांजी बघा. २९ सप्टेंबर २००६ ला भंडारा जिल्ह्यात एका दलित कुटुंबातल्या चौघांना ठार मारण्यात आलं. विशेष सरकारी वकील निकमच होते. सप्टेंबर २००८ मध्ये आठ जण दोषी ठरले, सहा जणांना फाशी सुनावली गेली. तक्त्यात याहून मोठं यश नाही. पण ॲट्रॉसिटी कायद्याखालचा आरोप टिकला नाही, आणि २०१० साली नागपूर खंडपीठानं फाशी रद्द करून पंचवीस वर्षांची शिक्षा दिली तेव्हाही तो टिकला नाही. ज्या कारणासाठी महाराष्ट्र रस्त्यावर आला होता, ते कारण न्यायालयाच्या नोंदीत सिद्ध झालेलं नाही. याचा दोष एकट्या वकिलाचा नव्हे; तपास, दोषारोप आणि न्यायालयाची दृष्टी यांचाही वाटा त्यात आहे. मी एवढंच म्हणतो, की आकडा भरला तरी खटल्याचा गाभा हातातून जाऊ शकतो.

आपल्या गावचं उदाहरण याहून कठोर आहे. मे १९३० मध्ये सोलापुरात मार्शल लॉ पुकारला गेला आणि १२ जानेवारी १९३१ ला येरवड्यात मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे आणि कुर्बान हुसेन यांना फाशी झाली. त्या खटल्यातही फिर्यादी सरकारच होतं. सरकारच्या दप्तरी तो यशस्वी खटला, आणि सोलापूर गेली नव्वदहून अधिक वर्षं त्या आरोपींना हुतात्मे म्हणून मानवंदना देतं आहे.

फौजदार : ते परकीय सरकार होतं. त्यांचा न्याय आणि आपला न्याय एका तराजूत घालू नका. आजचं बोला. तेव्हाच्या अहमदनगर जिल्ह्यात, आपल्या शेजारी, एकाच आठवड्यात काय घडलं ते आठवा. २३ नोव्हेंबर २०१७ ला खर्ड्याच्या खून प्रकरणातले सगळे आरोपी सुटले, कारण साक्षीदार फितूर झाले. मेलेला पोरगा दलित, गाव तेच, दहशत तीच. आणि २९ नोव्हेंबरला, त्याच जिल्ह्याच्या कोर्टात, कोपर्डीच्या बलात्कार-खून प्रकरणातल्या तिघांना फाशीची शिक्षा झाली. हा फरक तुमच्या निःपक्षपातीपणानं भरून निघतो का? खर्ड्याच्या आईबापाला तुम्ही सांगणार, की सरकारी वकील आरोपीलाही न्याय देतो? आरोपीला त्याचा वकील आहे, उलटतपास आहे, संशयाचा फायदा आहे, अपील आहे. मेलेल्या माणसाला फक्त सरकारी वकील आहे. तोही मधे उभा राहिला, तर मग त्याच्या बाजूनं कोण उभं राहायचं?

लेखक : परकीय सरकार गेलं, पण भारतीय दंड संहिता १८६० चीच राहिली आणि ती १ जुलै २०२४ पर्यंत याच कोर्टात चालली, म्हणून ते उदाहरण मी मागे घेत नाही. खर्ड्याचा तुमचा प्रश्न मात्र टाळण्यासारखा नाही. तिथं अन्याय झाला असंच मलाही वाटतं. पण साक्षीदार फितूर होतो तो कोर्टात नव्हे, गावात. दोषारोपपत्र आणि साक्ष यांच्यामध्ये जी वर्षं जातात, त्या वर्षांत होतो. साक्षीच्या दिवशी कितीही नामवंत वकील उभा केला तरी ती वर्षं परत येत नाहीत. लवकर दंडाधिकाऱ्यापुढं जबाब नोंदवून घेणं, संरक्षणाचा अर्ज करणं, खटला लवकर बोर्डावर यावा म्हणून मागं लागणं, हे सगळं निकालाच्या आधीचं काम आहे आणि ते बातमीत येत नाही. साक्षीदार संरक्षण योजना सर्वोच्च न्यायालयानं डिसेंबर २०१८ मध्ये महेंद्र चावला प्रकरणात मंजूर करून देशभर लागू केली. तिचा उपयोग ज्या जिल्ह्यात होईल तिथलीच फितुरी कमी होईल.

आता सोलापूरच्या कोर्टातली रोजची गोष्ट जवळून पाहू, कारण खटले बहुतेक इथंच हरतात. पूर्व भागातला विणकर घरात तेलुगू बोलतो, अक्कलकोटकडचा शेतकरी कन्नड. चौकीत त्यानं जे सांगितलं ते जमादारानं मराठीत, ठरलेल्या साच्यात उतरवलं. ‘आरोपीने हातातील धारदार हत्याराने’ ही भाषा त्या विणकराची नसते. काही वर्षांनी तो पिंजऱ्यात उभा राहतो, त्याच्या मराठीत सांगतो, आणि उलटतपासात बचावाचे वकील विचारतात, हे तुमच्या जबाबात का नाही? एक ओमिशन झालं. हे तुम्ही वेगळं का सांगितलंत? एक कॉन्ट्रडिक्शन झालं. माणूस खरं बोलत असतो आणि खोटा ठरतो. ज्या सरकारी वकिलानं फाईल आदल्या रात्री उघडली आणि साक्षीदाराला सकाळी व्हरांड्यात पहिल्यांदा पाहिलं, त्याच्या हे लक्षातही येत नाही. ज्यानं आधी जबाब वाचला, साक्षीदाराकडून त्याच्या भाषेत ऐकून घेतला, मुद्देमालाच्या लाखेच्या सीलवरच्या तारखा आणि सी.ए.कडं नमुने गेल्याच्या तारखा जुळवून पाहिल्या, तो कच्चा दुवा स्वतःच कोर्टाला दाखवतो आणि त्याचं कारणही पुराव्यातून देतो. तुम्ही याला मधे उभं राहणं म्हणता. मी म्हणतो, मेलेल्या माणसाच्या बाजूनं उभं राहण्याची हीच रीत आहे, कारण असा पुरावा अपिलात टिकतो. १८ ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचं कोल्हापूर सर्किट बेंच सुरू झालं आहे. सोलापूरची फौजदारी अपिलं आता तिथं जातात. सत्र न्यायालयात रेटून मिळवलेली शिक्षा तिथं मोडली, तर फिर्यादीला दुसऱ्यांदा तेच दुःख सोसावं लागतं.

न्यायाधीशांचा विश्वास हीही या व्यवसायातली मोठी पुंजी आहे. दुबळ्या खटल्यात जामिनाला उगाच विरोध न करणारा सरकारी वकील जेव्हा एखाद्या अर्जाला कडाडून विरोध करतो, तेव्हा त्याच्या शब्दाला वजन असतं. प्रत्येक अर्जाला ‘विरोध आहे’ एवढंच लिहून देणाऱ्याचं कुणी ऐकत नाही.

आणि सोलापुरात तर आरोपी कोण, हा प्रश्न विसरताच येत नाही. या शहरात तारेच्या कुंपणातली सेटलमेंट होती. गुन्हेगार जमाती कायद्याखाली माणसं जन्मानंच आरोपी धरली जात, हजेरी देत, परवानगीशिवाय बाहेर जाऊ शकत नसत. तो कायदा ३१ ऑगस्ट १९५२ ला रद्द झाला. सेटलमेंट हे नाव मात्र त्या वस्तीला अजून आहे. चोरीचा तपास लागत नाही तेव्हा संशय कुणाकडं वळतो, हे तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त ठाऊक आहे, साहेब. अशा वेळी चार्जशीट वाचून ‘या माणसाविरुद्ध यात काही नाही’ असं म्हणणारा सरकारातला माणूस एकच असू शकतो.

फौजदार : ते आम्हीही पाहिलंय, नाकारत नाही. पण तुम्ही म्हणता तसा वकील मिळणार कुठून? जिल्हा सरकारी वकील हा बारमधून सरकारनं नेमलेला माणूस, मुदतीवरचा. सरकार बदललं की त्या खुर्चीवर कोण, याची चर्चा आधी सुरू होते. आणि ते तसंच असायला हवं, असंही मी म्हणतो. सरकार जनतेला जबाबदार, मग सरकारचा वकीलही सरकारलाच जबाबदार. याच कोर्टात पट्टेवाला म्हणून राबलेले सुशीलकुमार शिंदे पुढं फौजदार झाले आणि देशाचे गृहमंत्री झाले. कसाबला फाशी दिली गेली तेव्हा तेच त्या पदावर होते. गृहखातं निवडून आलेल्या माणसाच्या हातात असतं, ते उगाच नाही. उद्या सरकारी वकिलाला कायमचा करून ठेवलात, तर तो बाबू होऊन बसेल. पाच वाजले की घरी.

लेखक : धोरण सरकारचं, पण एखाद्या माणसावरचा खटला हे धोरण नव्हे, इथं आपला मार्ग वेगळा होतो. कायद्यानंही नेमणूक निव्वळ सरकारच्या मर्जीवर सोडलेली नाही. जिल्हाधिकाऱ्यांनी सत्र न्यायाधीशांशी विचारविनिमय करून नावांची यादी करायची, वकिलाचा किमान सात वर्षांचा अनुभव हवा. १९७३ च्या संहितेत हे कलम २४ होतं, नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत ते कलम १८ आहे. १९९० मध्ये उत्तर प्रदेश सरकारनं एका फटक्यात राज्यातल्या सगळ्या जिल्हा सरकारी वकिलांना काढून टाकलं, तेव्हा श्रीलेखा विद्यार्थी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं तो आदेश मनमानी म्हणून रद्द केला. हेही खरं, की २००४ साली जोहरीमल प्रकरणात त्याच न्यायालयानं सांगितलं, की मुदत वाढवून मिळणं हा वकिलाचा हक्क नाही. म्हणजे अजूनही तो टांगलेलाच आहे, आणि टांगलेल्या माणसाकडून आपण कणा मागतो आहोत.

मुदतीवरच्या माणसाचं काय होतं, याचा पुरावा सोलापूरच्याच एका घराण्यात आहे. ललित घराण्यातले रंगनाथ ललित इथं वकिली करत. त्यांचे पुत्र उमेश ललित मुंबई उच्च न्यायालयात अतिरिक्त न्यायाधीश होते. आणीबाणीत राजद्रोहाच्या आरोपाखालच्या तरुणांना त्यांनी जामीन दिला आणि पुढं त्यांना कायम केलं गेलं नाही. न्यायाधीशाची ही गत, तर मुदतीवरच्या सरकारी वकिलाची काय? २००८ च्या मालेगाव स्फोटाच्या खटल्यातल्या विशेष सरकारी वकील रोहिणी सालियन यांनी २०१५ मध्ये जाहीरपणे सांगितलं, की सरकार बदलल्यावर एनआयएच्या अधिकाऱ्याकडून त्यांना नरम धोरण घेण्याचा निरोप आला. त्या खटल्यातले सातही आरोपी ३१ जुलै २०२५ ला निर्दोष सुटले. निकालावर त्या निरोपाचा परिणाम झाला असं मी म्हणत नाही. पण असा निरोप देण्याची हिंमत होते, याचं कारण पद मर्जीवर असतं. खटला मागं घेण्याचा अर्ज करण्याचा अधिकार कायद्यानं सरकारी वकिलालाच दिला आहे. आंदोलनांचे खटले मागं घेण्याचे निर्णय राज्य सरकारं वेळोवेळी घेत आली आहेत. तो अर्ज वकिलानं स्वतः विचार करून केला की मंत्रालयातल्या पत्रावर सही केली, हे कोर्टानं पाहायचं असतं.

बाबू होण्याच्या तुमच्या भीतीत तथ्य आहे. दंडाधिकाऱ्यांच्या कोर्टातले सहायक सरकारी अभियोक्ता लोकसेवा आयोगातून येतात, कायम असतात, आणि कामाच्या ओझ्याखाली काही जण यंत्रासारखे होतात. पण त्यांनाही आधी पोलीस खात्याच्या ताब्यात ठेवलं होतं, आणि १९९५ साली शहाणे विरुद्ध महाराष्ट्र राज्य या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं त्यांचा वेगळा संवर्ग करायला लावला, तो स्वातंत्र्यासाठीच. मला जिल्हा सरकारी वकील जन्मभरासाठी नको आहे. पुरेशी ठरलेली मुदत असावी, मधेच काढायचं तर लेखी कारण असावं, आणि मुदतवाढ नाकारतानाही सत्र न्यायाधीशांचं मत नोंदलेलं असावं, एवढंच मी मागतो. निकम २०२४ मध्ये लोकसभेला उभे राहिले आणि पुढं राज्यसभेवर गेले, तो त्यांचा हक्क आहे. पण लोकप्रिय निकालांवर उभी राहिलेली कारकीर्द राजकारणाच्या उंबऱ्यावर पोचते, तेव्हा पुढच्या खटल्यातल्या आरोपीला शंका येणं साहजिक आहे, आणि त्या शंकेची किंमत चांगल्या पुराव्यालाही मोजावी लागते.

फौजदार : ललितांचंच नाव काढलंत म्हणून विचारतो. उमेशरावांचे चिरंजीव उदय ललित सोलापुरात जन्मलेले, पुढं सरन्यायाधीश झाले. त्याआधी, २०११ साली, टू-जी खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं स्वतः त्यांना विशेष सरकारी वकील नेमलं. म्हणजे तुम्हाला हवी तशी, सरकारच्या मर्जीबाहेरची नेमणूक. तरी शेवटी काय झालं? सगळे सुटले.

लेखक : तुमची मोजपट्टी कुठं मोडते, ते याच खटल्यात दिसतं. ऑगस्ट २०१४ मध्ये ललित सर्वोच्च न्यायालयाचे न्यायाधीश झाले आणि खटला दुसऱ्या हातात गेला. २१ डिसेंबर २०१७ च्या निकालात न्यायाधीश ओ. पी. सैनी यांनी लिहिलं, की फिर्यादी पक्षानं सुरुवात उत्साहानं केली, पण पुढं तो दिशाहीन होत गेला; कोर्टात दाखल होणाऱ्या कागदांची जबाबदारी घ्यायला वरिष्ठ तयार नसत. ‘सगळे सुटले’ या दोन शब्दांत यातलं काही दिसत नाही. न्यायाधीशांच्या परिच्छेदांत दिसतं. मोजायचं असेल तर ते मोजू. २०१४ च्या किशनभाई निकालात सर्वोच्च न्यायालयानं राज्यांना सांगितलं, की प्रत्येक सुटकेची कारणं तपासा, चूक तपासाची की खटला चालवण्याची ते ठरवा. नव्या संहितेनं जिल्हा पातळीवर अभियोग संचालनालयाची तरतूद केली आहे आणि दोषारोपपत्रांची छाननी करण्याचं काम तिथल्या अधिकाऱ्यांवर टाकलं आहे. झडती-जप्तीचं चित्रीकरण आता सक्तीचं आहे. पंच फुटले तरी ते पाहता येईल, फक्त सरकारी वकिलानं ते साक्षीच्या आधी पाहिलेलं हवं.

तेव्हा सोलापूरसाठी एक वार्षिक तक्ता करू. किती दोषारोपपत्रांत त्रुटी काढून ती परत पाठवली. किती साक्षीदारांना संरक्षण मागितलं. फितूर झालेल्यांपैकी कितींचे जबाब दंडाधिकाऱ्यांपुढं झाले होते. किती खटले मागं घेण्याचे अर्ज आले, कितींना वकिलानं नकार दिला. लागलेल्या शिक्षांपैकी किती कोल्हापूरला टिकल्या. किती सुटकांविरुद्ध अपिलाची शिफारस केली आणि कशाच्या आधारावर. शिक्षांचा टक्काही त्यात राहू द्या, शेवटच्या रकान्यात. जिल्हा सरकारी वकिलांचं कार्यालय, पोलीस आयुक्तालय आणि ग्रामीणचे अधीक्षक एकत्र बसले तर पुढच्या मार्चअखेर हा तक्ता तयार होऊ शकतो. त्याला नवा कायदा लागत नाही.